मुलीला कार्टूनची डायरेक्टर व्हायचंय, कोर्स कुठला? खारघरच्या ताईंना जरा लांबलेलं उत्तर

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा की मुलगी यंदा बारावी झाली, चित्रकलेच्या इंटरमिजिएटला ए ग्रेड आहे, तिला लहान मुलांच्या कार्टूनची डायरेक्टर व्हायचंय, आणि तुम्हाला कळत नाहीये की कोर्स कुठला घ्यायचा, डायरेक्टर व्हायला किती वर्षं लागतात, पैसे मिळतात का, भारतात हे करिअर आहे का, एआयमुळे काय होईल आणि खारघरला राहून हे जमेल का. मी ठाण्यात वर्तकनगरला राहते, आधी इनबिटवीन केलं, म्हणजे दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं, मग स्टोरीबोर्ड, आता बरीच वर्षं डायरेक्शन, आणि सगळं लहान मुलांच्या शोजवरच. कोर्सचं शेवटी सांगते, कारण तो यातला सगळ्यात कमी महत्त्वाचा भाग आहे.

तुमच्या मिस्टरांचं म्हणणं की 'सॉफ्टवेअर शिकली की झालं', ते आधी बाजूला ठेवू. माया, ब्लेंडर, टून बूम, जे काय असेल ते, सहा-आठ महिन्यांत हात बसतो, आणि काही वर्षांनी स्टुडिओ दुसरंच काहीतरी वापरायला लागतो. मी जे चांगले डायरेक्टर बघितले ते बहुतेक सगळे स्टोरीबोर्डमधून आलेले, थोडे एडिटमधून, एखाद-दुसरा ॲनिमेशनमधून. याला कारण आहे. शूटिंगच्या सिनेमात भरपूर शूट करायचं आणि मग एडिट टेबलवर बसून काय ठेवायचं ते ठरवायचं, आमच्याकडे एडिट आधी होतं. आधी स्टोरीबोर्ड, आम्ही नुसतं बोर्ड म्हणतो, म्हणजे प्रत्येक शॉटची रफ चित्रं, मग ती टेम्पररी आवाजावर टायमिंग लावून जोडायची, त्याला ॲनिमॅटिक म्हणतात, आणि तो लॉक झाला की मगच ॲनिमेटर कामाला हात लावतो. लॉक झाल्यावर तुम्ही एक जरी शॉट वाढवला ना तर प्रोड्युसरचा चेहरा बघवत नाही. म्हणजे डायरेक्टरचे जवळजवळ सगळे मोठे निर्णय एकही फ्रेम ॲनिमेट व्हायच्या आधी झालेले असतात, आणि ज्याला बोर्ड कळत नाही तो पुढे नुसता मीटिंगा घेत फिरतो.

जरा हिशोब करून दाखवते. टीव्हीचा नेहमीचा एपिसोड ११ मिनिटांचा, असे दोन मिळून अर्ध्या तासाचा स्लॉट होतो, उरलेल्या वेळात जाहिराती. ११ मिनिटं म्हणजे ६६० सेकंद, आपल्याकडे टीव्हीला सेकंदाला २५ फ्रेम, म्हणजे १६,५०० फ्रेम झाल्या. टूडीमध्ये एक चित्र दोन फ्रेम धरून ठेवलं तरी आठ हजारांच्या वर चित्रं, आता रिग, म्हणजे सांधे जोडलेली डिजिटल बाहुली, असल्यामुळे प्रत्येक चित्र हाताने काढत नाहीत पण प्रत्येक हालचाल कुणीतरी ठरवावी लागतेच. शॉट सरासरी चार सेकंदांचा धरला तर १६५ शॉट, आणि त्या प्रत्येकाचा लेआउट (फ्रेमची मांडणी), बीजी (मागचं चित्र), ॲनिमेशन, कॉम्प (सगळे थर एकत्र जोडणं) वेगवेगळ्या लोकांकडे. सीझन ५२ एपिसोडचा असेल तर गुणाकार तुम्हीच करा. त्यात हे एकामागोमाग एक होत नाही. एखाद्या साध्या मंगळवारी माझ्यासमोर एका एपिसोडची स्क्रिप्ट असते, दुसऱ्याचा बोर्ड, तिसऱ्याचा ॲनिमॅटिक, चौथ्याचं ब्लॉकिंग (फक्त मुख्य पोझेस लावलेलं रफ ॲनिमेशन), पाचव्याचं साउंड मिक्स, आणि दुपारी कुणीतरी येऊन विचारतं की मॅडम त्या आजीच्या चष्म्याची काडी सोनेरी होती की काळी. उत्तर लगेच द्यायचं असतं आणि मागच्या सीझनमध्ये जे होतं तेच द्यायचं असतं.

आता बोर्डमध्ये नक्की काय ठरवतात ते एक उदाहरण घेऊन सांगते, म्हणजे मुलीलाही कळेल की तिला हे आवडणार आहे का. समजा सीन असा आहे: शाळेबाहेर एक मुलगा वडापाव हातात धरून मित्राशी गप्पा मारतोय, मागे कंपाउंडवर कावळा. कावळा वडा पळवतो, मुलगा नुसता पाव चावतो, मग त्याच्या लक्षात येतं. नवीन बोर्ड आर्टिस्ट काय करतो, तर एक वाइड शॉट लावतो आणि त्यातच सगळं, कावळा आला, वडा नेला, मुलगा ओरडला. स्क्रिप्ट वाचताना सगळे हसलेले असतात पण स्क्रीनवर काहीच होत नाही, कारण सहा वर्षांचं मूल त्या वेळी बोलणाऱ्याच्या तोंडाकडे बघत असतं, कावळा त्याला दिसलेलाच नसतो.

मग आधी कावळ्याचा एकट्याचा शॉट द्यायचा, मान तिरकी, नजर खाली वड्यावर. आता बघणाऱ्या मुलांना कळलं आणि हिरोला अजून कळलं नाही, निम्मी मजा इथेच आली. मग मुलाचा मिडियम शॉट, तो बोलतोय, हात फ्रेमच्या कडेला, तिथून काळा पंख एकदाच सर्रकन जातो, चार फ्रेम, बास. हाताची पोझ बदलायची नाही. तो बोलत बोलतच पाव चावतो, दोनदा चघळतो आणि थांबतो. हे थांबणं म्हणजे सगळा खेळ आहे. दहा-बारा फ्रेम संपूर्ण स्थिर, डोळेसुद्धा मिचकवायचे नाहीत, मग फक्त बुबुळं खाली पावाकडे, मग डोकं, मग खांदे पडतात. ते थांबणं पाच फ्रेमचं केलंत तर हसू येत नाही, तीस फ्रेमचं केलंत तर मुलांना उत्तर आधीच कळलेलं असतं आणि ती कंटाळतात. आणि कावळा उजवीकडून येऊन डावीकडे गेला असेल तर पुढच्या शॉटमध्येही तो डावीकडेच उडताना दिसला पाहिजे, हा हूकअप, म्हणजे दोन शॉटमधला जोड, चुकला की लहान मुलांना वाटतं हा दुसरा कावळा आला. मोठी माणसं समजून घेतात हो, मुलं नाही घेत.

हाच सीन तीन-चार वर्षांच्या मुलांसाठी करायचा तर सगळं बदलतं. कावळा दोनदा दाखवावा लागेल, मुलगा 'अरे, माझा वडा कुठे गेला?' असं तोंडाने म्हणेल, कट कमी होतील आणि थांबणं लांबेल. म्हणून 'लहान मुलांचं कार्टून' असं एकच काही नसतं, चॅनलवाले पहिल्या मीटिंगमध्येच वयोगट विचारतात, आणि 'सगळ्यांसाठी' असं उत्तर दिलं की समजून जातात की समोरच्याने विचार केलेला नाही.

हे टायमिंग शिकायचं कुठे? मी तर सांगेन की मे महिन्याच्या किंवा दिवाळीच्या सुट्टीत ठाण्यात गडकरी रंगायतनला, घाणेकर नाट्यगृहाला नाहीतर वाशीच्या भावे नाट्यगृहाला बालनाट्य लागलं की तिला पाठवा आणि स्टेजकडे पाठ करून बसायला सांगा. म्हणजे अक्षरशः पाठ नाही, पण लक्ष पोरांवर ठेवायचं. कुठल्या क्षणी सगळं थिएटर 'मागे बघ, मागे बघ' म्हणून ओरडतं, कुठे चुळबुळ सुरू होते, कुठे शू लागते. शू लागते तिथे हमखास संवाद लांबलेला असतो. आम्हीही ॲनिमॅटिक तयार झाला की सोसायटीतल्या आठ-दहा पोरांना गोळा करून दाखवतो आणि टीव्हीशेजारी पोरांकडे तोंड करून वही घेऊन बसतो. कुणी पंख्याकडे बघितलं, कुणी पाणी मागितलं, की स्क्रीनवरचा टाइमकोड, म्हणजे कितवा सेकंद ते, लिहायचा. 'आवडलं का रे' असं विचारायचं नाही, ताईने बिस्किटं दिलीत म्हटल्यावर सगळे होच म्हणतात.

यात अजून एक जबाबदारी आहे जी मोठ्यांच्या सिनेमात एवढी नसते. मुलं नक्कल करतात. त्यामुळे आमच्याकडे कॅरेक्टर गॅलरीच्या कठड्यावर उभं राहत नाही, प्लगमध्ये बोट किंवा तार घालत नाही, डोक्यात प्लॅस्टिकची पिशवी घालून भूत होत नाही, स्कूटरवर बसलं तर हेल्मेट, गाडीत बसलं तर बेल्ट. केबल टीव्हीच्या १९९४ च्या नियमांमध्ये जो प्रोग्राम कोड आहे त्यात मुलांच्या कार्यक्रमांत वाईट भाषा आणि उघड हिंसा नको हे लिहिलेलंच आहे, पण चॅनलची स्वतःची टीम त्याच्या कितीतरी पुढे जाऊन नोट्स देते, आणि त्या नोट्स जर ॲनिमेशन झाल्यावर आल्या तर खर्च कुणाच्या माथी यावरून भांडणं होतात. डायरेक्टरला हे बोर्डमध्येच दिसायला हवं. घोडबंदरला पंचविसाव्या मजल्यावर राहणारं मूल आपला शो बघतंय हे डोक्यात असलं की आपोआप दिसतं.

दुसरं कौशल्य, जे कुठल्याच कोर्समध्ये शिकवत नाहीत, ते म्हणजे रीटेकची नोट लिहिणं, म्हणजे शॉटमध्ये काय सुधारून आणायचं ते ॲनिमेटरला कळवणं. 'अजून फनी कर', 'एनर्जी नाहीये', 'मजा नही आ रहा' अशा नोट्स ॲनिमेटरला दिल्या की तो बिचारा सगळंच बदलून आणतो आणि जे चांगलं होतं तेही जातं. नोट अशी हवी की 'शॉट ४२, हात वर जायच्या आधी खाली थोडा दाबून घे, सहा फ्रेम, बाकी सगळं मस्त आहे, हात लावू नको'. काय ठेवायचं ते सांगणं जास्त गरजेचं. आमच्या धंद्यात कित्येक हुशार आर्टिस्ट डायरेक्टर झाल्यावर फसतात ते याच जागी, त्यांना वाटतं मीच पटकन करून टाकतो, आणि मग रात्री दोन वाजता एकटेच शॉट सुधारत बसतात आणि टीम सकाळी मोकळी बसलेली.

आता 'भारतात हे करिअर आहे का' याचं उत्तर. आहे, पण अलीकडचं आहे. तसं मुंबईत ॲनिमेशन जुनं, सरकारी फिल्म्स डिव्हिजनचं कार्टून युनिट १९५६ च्या आसपास सुरू झालं, डिस्नेमध्ये काम केलेले क्लेअर वीक्स शिकवायला आले होते, ॲनिमेटर राम मोहन तिथेच तयार झाले आणि पुढे त्यांना २०१४ साली पद्मश्री मिळाली. पण नंतर बरीच वर्षं स्टुडिओंचं पोट भरलं ते जाहिरातींवर आणि सर्व्हिस वर्कवर, म्हणजे बाहेरच्या देशातला शो, बोर्ड आणि डायरेक्शन त्यांचं, हातकाम आपलं. त्यात ॲनिमेशन सुपरवायझर होता येतं, पण गोष्ट कुठे वळणार ते आपल्या हातात नसतं. मग २००५ मध्ये व्ही. जी. सामंतांचा हनुमान हा ॲनिमेशन सिनेमा थिएटरात चालला, २००८ ला पोगोवर छोटा भीम आला, २०१२ ला निकलोडियनवर मोटू पतलू, आणि चॅनलवाल्यांना कळलं की इथली गोष्ट इथल्या मुलांना जास्त आवडते. तेव्हापासून सीरिज डायरेक्टर ही पोस्ट आपल्याकडे खऱ्या अर्थाने आली. मोटू पतलूचा २०१६ चा थ्रीडी सिनेमा सुहास कडव यांचा. आपली मराठी माणसं या धंद्यात भरपूर आहेत, फक्त शो बहुतेक हिंदीत बनतात आणि मराठी येतं ते डबिंगने. मला याचा राग आहे, पण तो वेगळा विषय.

वर्षं किती लागतात? सरळ रस्ता धरला तर आधी बोर्ड रिव्हिजनिस्ट, म्हणजे दुसऱ्याच्या बोर्डमधल्या नोट्स सुधारायच्या, मग बोर्ड आर्टिस्ट, मग एपिसोड किंवा असिस्टंट डायरेक्टर, मग सीरिज. आठ-दहा वर्षं धरून चाला. कुणी पाच वर्षांत होतं, पण तेव्हा बहुतेक वेळा एखादा सीनियर अर्ध्यात सोडून गेलेला असतो आणि चॅनलची डिलिव्हरी डोक्यावर असते.

पैशाचं खरं सांगते. पहिली काही वर्षं तिच्या ज्या वर्गमैत्रिणी ऐरोलीच्या आयटी पार्कात जातील त्यांच्यापेक्षा हिचा पगार कमी असणार आहे, आणि घरात तुलना होणार आहे, त्याची तयारी ठेवा. बोर्डवर हात बसला की बरं मिळतं, डायरेक्टर झाल्यावर चांगलं मिळतं, पण दोन सीझनच्या मध्ये खड्डा येतो. चॅनलने पुढचा सीझन पुढे ढकलला की सहा-सहा महिने कॉन्ट्रॅक्ट नाही, असं बऱ्याच जणांचं झालंय, त्यामुळे बाजूला पैसे टाकायची सवय पहिल्या पगारापासून लावा. आणि एक गोष्ट कुणी सांगत नाही: आपल्या कॉपीराइट कायद्यात सिनेमाचा 'ऑथर' प्रोड्युसर असतो, डायरेक्टर नाही. २०१२ च्या दुरुस्तीनंतर लेखक-संगीतकारांना रॉयल्टीचा हक्क मिळाला, डायरेक्टरला नाही. त्यामुळे कॅरेक्टर दप्तरांवर, टिफिनवर, टूथपेस्टवर कितीही विकलं गेलं तरी वेगळं लिहून घेतलं नसेल तर डायरेक्टरच्या हातात काही येत नाही. शोची मूळ कल्पना तिची असेल तर सही करायच्या आधी वकिलाला दाखवायचं, फी गेली तरी चालेल.

'मग स्वतःचं यूट्यूब चॅनल काढू' हे आजकाल सगळेच म्हणतात. काढू दे, शिकायला उत्तम आहे. पण उत्पन्नाचा हिशोब करताना हे लक्षात ठेवा की अमेरिकेत मुलांच्या डेटावरून २०१९ मध्ये यूट्यूबला १७ कोटी डॉलरचा दंड झाला आणि जानेवारी २०२० पासून मुलांच्या व्हिडिओंवर पर्सनलाइज्ड जाहिराती आणि कमेंट्स बंद झाल्या, आपल्याकडेही. त्यामुळे मोठ्यांच्या व्हिडिओइतके पैसे मुलांच्या व्हिडिओवर सुटत नाहीत, म्हणून तिथे रोज एक बालगीत पाडायची स्पर्धा लागते आणि त्यात डायरेक्शन असं काही उरत नाही.

एआयचंही विचारलंयत. इनबिटवीन, क्लीनअप (रफ रेषा पक्क्या करणं), बीजीचे पर्याय, यातली कामं कमी होतायत हे डोळ्यांनी दिसतंय. कावळ्याचा शॉट आधी टाकायचा की नंतर हे अजून माणूसच ठरवतो, म्हणून पुन्हा तेच, बोर्डकडे वळवा.

आता कोर्स. अहमदाबादच्या एनआयडीत, म्हणजे राष्ट्रीय डिझाइन संस्थेत, ॲनिमेशन फिल्म डिझाइन आहे, त्याला त्यांची डॅट परीक्षा. पवईला आयआयटीच्या आयडीसी या डिझाइन विभागात बारावीनंतर यूसीड परीक्षा देऊन बी.डेस. ही डिझाइनची पदवी होते, आणि ॲनिमेशन हा विषय घेऊन एम.डेस. करायचं तर पुढे सीड परीक्षा. मुंबईच्या जेजे आर्ट कॉलेजचं अप्लाइड आर्ट आहेच, त्याला प्रवेश परीक्षा, फी परवडते आणि ड्रॉइंग पक्कं होतं. मुंबईत २०२५ ला सरकारी पुढाकाराने आयआयसीटी नावाची नवी संस्थाही सुरू झालीय, तिच्या साइटवर चौकशी करा. प्रायव्हेट इन्स्टिट्यूट ठाणे-वाशीत स्टेशनबाहेर पडलं की पाट्या दिसतील इतक्या आहेत. काही बऱ्या आहेत, पण ॲडमिशनवाल्या मुलीला फक्त दोन गोष्टी विचारा: गेल्या वर्षीच्या विद्यार्थ्यांच्या शॉर्ट फिल्म दाखवा, आणि स्टोरीबोर्ड कोण शिकवतं. दुसऱ्या प्रश्नावर 'तो सॉफ्टवेअरमध्येच कव्हर होतो' असं आलं की चहा पिऊन घरी या. 'शंभर टक्के प्लेसमेंट' लिहिलेलं असेल तर चहापण नको.

राहायचं म्हणाल तर खारघर सोडायची गरज नाही. बरेच स्टुडिओ अंधेरी-गोरेगाव-मालाड पट्ट्यात आहेत, खारघरहून कुर्ला, कुर्ल्याहून घाटकोपर, पुढे मेट्रो, दीड-दोन तास एका बाजूला जातात हे खरं. कोविडनंतर बोर्डचं काम घरून करणारे डोंबिवली, कळवा, नेरूळ सगळीकडे आहेत. पण पहिली दोन वर्षं तिने रोज स्टुडिओत जावं असं मी म्हणेन, कारण सीनियर स्वतःच्या बोर्डवर खाडाखोड करतो तेव्हा मागे उभं राहून जे कळतं ते व्हिडिओ कॉलवर कळत नाही. आल्यावर दमेल, चिडेल, जेवण गरम करून द्या.

आत्ता काय करायचं ते सांगते. यूसीडचा फॉर्म साधारण ऑक्टोबरात निघतो, परीक्षा जानेवारीत, एनआयडीचंही थोड्याफार फरकाने तसंच, म्हणजे थांबायचं ठरवलंत तर वर्ष वाया जात नाही. तोवर तिने चाळीस-पन्नास सेकंदांची एकच गोष्ट घ्यावी, दोन कॅरेक्टर, एक जागा, संवाद शक्यतो नकोत. कागदावर पेन्सिलने बोर्ड काढायचा, मोबाइलवर फोटो काढून कुठल्याही फुकट एडिटरमध्ये टायमिंग लावायचं, 'धप्प', 'कावकाव' असे आवाज स्वतःच्या तोंडाने द्यायचे. रंग भरत बसू नये, ॲनिमेशनही नको. शेजारच्या तीन पोरांना दाखवून जिथे ती हलली तिथे बदल करायचे आणि दोन्ही व्हर्जन ठेवायची, आधीचं आणि नंतरचं. मी जेव्हा बोर्डसाठी फ्रेशर बघते तेव्हा पंधरा चकाचक पोस्टर्सच्या पोर्टफोलिओपेक्षा अशी दोन व्हर्जनं ठेवणाऱ्याला आधी बोलावते. फाइलच्या नावात स्वतःचं नाव टाकायला सांगा, 'फायनल फायनल २' नावाच्या फाइली आमच्याकडे ढिगाने पडल्यात आणि कुणाच्या आहेत ते कळायला मार्ग नाही.